‘साहेब, तुम्ही बॉल खेळा’ असं मुकादम सगळ्यांसमोर म्हणाला तर काय करायचं?

ताई, मी २४ वर्षांचा आहे. सांगलीतच सिव्हिल केलं. चार वर्षं कॉलेजच्या बास्केटबॉल टीममध्ये पॉइंट गार्ड होतो, शेवटच्या वर्षी कॅप्टन. शिवाजी युनिव्हर्सिटीकडून एकदा वेस्ट झोन खेळलो, मेडल नाही. आता एका कॉन्ट्रॅक्टरकडे साइट इंजिनिअर आहे, वर्ष होत आलं. सकाळी साडेआठला साइट, घरी यायला रात्रीचे आठ. मागच्या महिन्यात स्लॅबच्या दिवशी मुकादम मिक्सरमध्ये पाइपनं जादा पाणी सोडत होता. मी थांबवायला गेलो तर सगळ्या लेबरसमोर म्हणाला, ‘साहेब, तुम्ही बॉल खेळा, हे आमचं काम आहे.’ सगळे हसले. मालकांना फोन केला तर ते म्हणाले होऊ दे, अंधार पडायच्या आत आवरा. मी गप्प बसलो. तेव्हापासून साइटवर जाऊच नये असं वाटतं. वजन नऊ किलो वाढलंय, जिना उतरताना उजवा गुडघा दुखतो. घरी यायचा रस्ता कॉलेजच्या कोर्टावरून होता, आता मी लांबून फिरून येतो. डिसेंबरात माजी खेळाडूंची मॅच आहे, ग्रुपवर सारखं विचारतायत, मी रिप्लाय दिलेला नाही. नोकरी सोडून स्पोर्ट्स कोट्याची तयारी करावी असं मनात आहे. वडील एसटीत ड्रायव्हर होते, ते म्हणतात बॉलनं पोट भरत नसतं. काय करू?
— सात नंबरची जर्सी, सांगली

सात नंबर,

आधी सरळ उत्तरं देऊन टाकते म्हणजे बाकीचं शांतपणे वाचशील. नोकरी आत्ता सोडू नकोस. मॅचला जा. आणि मुकादमाचं जरा सविस्तर लिहिते, कारण तुझ्या पत्रातली खरी ठसठस तिथंच आहे, बाकीचं बरंचसं त्या एका दुपारनंतर गोळा झालंय असं मला वाटतं.

माझं स्वतःचं सांगायचं तर मी पाटबंधारे खात्यात नोकरी केली, कालव्याच्या कामावर बरीच वर्षं काढली, आणि तेव्हा साइटवर बाई आली की लोकांना वाटायचं ऑफिसातनं ट्रेसर आलीय नकाशे द्यायला. त्यामुळं ‘सगळे हसले’ हे तू दोन शब्दांत लिहिलंस तरी मला ते पुरेपूर कळलं.

पण तुझ्या अपमानाआधी त्या स्लॅबचं बोलू. रागवू नकोस, पण तुझ्या पत्रात अपमान आहे, वजन आहे, गुडघा आहे, मॅच आहे, आणि त्या स्लॅबचं पुढं काय झालं ते कुठंच नाही. त्या दिवशीचे क्यूब, म्हणजे ताकद तपासायचे काँक्रीटचे ठोकळे, भरले होते का? त्याच पाणी सोडलेल्या मालाचे भरले होते की सकाळच्या पहिल्या चांगल्या घाण्यातले? महिना होऊन गेला म्हणजे २८ दिवसांचे रिझल्ट आत्तापर्यंत हातात पाहिजेत. काँक्रीटचा ग्रेड एम २० असेल तर २० न्यूटन पर स्क्वेअर मिलिमीटरच्या हिशेबानं बघ, आणि एकेका क्यूबवर न जाता आयएस ४५६ या काँक्रीटच्या कोडातले स्वीकारायचे नियम काढून बस. रिझल्ट कमी असले किंवा क्यूबच नसले तर आरसीसी कन्सल्टंटला, म्हणजे ज्यांनी स्लॅबचं डिझाइन केलं त्यांना, लेखी कळव, मेल कर, व्हॉट्सअॅपवर तरी टाक, पण लिहून कळव की अमुक तारखेला अमुक भागात पाणी जादा गेलंय अशी शंका आहे. ते आधी रिबाउंड हॅमर मारून वरवरचा अंदाज घेतील, गरज वाटली तर कोअर, म्हणजे स्लॅबमधूनच कापलेले नळकांड्यासारखे नमुने, काढतील. कोअरच्या ताकदीची सरासरी त्या ग्रेडच्या ८५ टक्के आणि एकही कोअर ७५ टक्क्यांच्या खाली नको, हे कोडातच लिहिलेलं आहे. बऱ्याचदा रिझल्ट ठीक निघतात आणि सगळ्यांना झोप लागते. नाही निघाले तर त्या छताखाली राहायला येणाऱ्या माणसांना तुझ्या एका मेलचा किती उपयोग झाला ते त्यांना कधी कळणारही नाही. मालक चिडतील, चिडू देत. हे काम या आठवड्यात कर, मॅचच्या रिप्लायच्याही आधी.

आता मुकादम. तो वाईट माणूस आहे असं मनात धरून चालू नकोस. त्याची बाजू बघ, त्याला पैसे स्लॅबच्या मापावर मिळतात, क्यूबच्या ताकदीवर मिळत नाहीत. माल घट्ट असला की पाट्या जड होतात, व्हायब्रेटर जास्त वेळ धरावा लागतो, माणसं कुरकुरतात, आणि उशीर झाला की लाइट लावून काम करायचं त्याच्याच बोकांडी बसतं. पाणी सोडलं की माल आपला आपण पळतो. वर त्याच्या मते त्यानं असे कितीतरी स्लॅब टाकलेत आणि एकही पडलेला नाही. जादा पाणी नंतर उडून जातं, मागं बारीक बारीक पोकळ्या राहतात, ताकद घटते आणि पुढं सळईला गंज धरायला वाट मिळते, हे त्याच्या डोळ्यांसमोर कधी घडतच नाही. ते दहा वर्षांनी घडतं, घरमालक पोपडे पडलेलं छत बघत बसतो, तोवर मुकादम दुसऱ्या तालुक्यात.

आणि तू केलेला उपाय, म्हणजे अर्धा स्लॅब झाल्यावर थांबवायला जाणं, तो तसाही टिकणारा नव्हता. एकदा माल पडायला लागला की मध्येच थांबलं तर कोल्ड जॉइंटची, म्हणजे आधीचा आणि नंतरचा माल एकजीव न होण्याची, भीती, ते मालकांनाही माहीत असतं, म्हणून ते ‘होऊ दे’ म्हणाले. स्लॅबच्या दिवशी दुपारी तीन वाजता कुठलाच इंजिनिअर भांडण जिंकत नाही बाबा. ते आदल्या दिवशी जिंकायचं असतं, तेही चहा पिता पिता.

म्हणजे असं कर. आरसीसी कन्सल्टंट स्टील चेकिंगला येतात तेव्हा व्हिजिट रिपोर्टमध्ये त्यांच्याकडून स्लम्प (कोन उचलल्यावर माल किती खाली बसतो ते माप) आणि पाण्याचं प्रमाण लिहून घे. स्टील कमी असेल तर स्लम्प २५ ते ७५ मिलिमीटर, भरपूर स्टील असेल तर ५० ते १०० असं कोडात आहेच, पण तुझ्या तोंडून ते ऐकणं वेगळं आणि कन्सल्टंटच्या सहीनं कागदावर असणं वेगळं. मग मालकांना सांग की माल पळायला पाहिजे असेल तर पाण्याऐवजी प्लास्टिसायझर, म्हणजे पाणी न वाढवता माल पळता करणारं रसायन, घालू, चांगल्या कंपनीचं, डोस मोजून. स्लॅबच्या एकूण खर्चात ते काहीच नाही. मुकादमाला घट्ट माल नको आहे, मालकांना उशीर नको आहे आणि तुला पाणी नको आहे, तिघांचं एकाच कॅनमध्ये भागतं. हे पुस्तकात असतं पण साइटवर कोणी कोणाला सांगत नाही.

मुकादमाशी बोलताना रेशो-बिशो बोलू नकोस, बादलीत बोल. नुसत्या सौम्य हवामानातलं आरसीसी धरलं तरी पाणी-सिमेंटचं प्रमाण जास्तीत जास्त ०.५५, म्हणजे ५० किलोच्या एका पोत्याला साडेसत्तावीस लिटर, आणि त्यातच वाळूतला ओलावा पण आला. म्हणजे वाळू भिजलेली असेल तर आणखी कमी. तुझ्या मिक्स डिझाइनमध्ये याहून कमी लिहिलं असेल तर तेच खरं. हा आकडा आदल्या दिवशी त्याला एकट्याला गाठून सांग, बादलीवर ऑइलपेंटनं खूण करून दे आणि पाइप मिक्सरपाशी येणारच नाही असं बघ, पिंपाशीच राहू दे. हातात पाइप असला की कोणीही पाणी सोडतं, मीसुद्धा सोडलं असतं.

सकाळी पहिल्या घाण्याला सगळ्यांसमोर स्लम्प कोन लाव. ३०० मिलिमीटरचा तो पत्र्याचा कोन उचलला आणि माल किती खाली बसला हे सगळ्यांनी डोळ्यांनी बघितलं की मग वाद तुझा आणि त्याचा राहत नाही. क्यूब स्वतः भर, तारीख आणि जागा स्वतःच्या हातानं टाक. १६ ते ३० घनमीटरच्या कामाला तीन सॅम्पल आणि एका सॅम्पलचे तीन क्यूब, म्हणजे नऊ, आणि ते तीन वेगवेगळ्या वेळचे असू देत, जेवणानंतरचा एक नक्की, कारण पाणी सुटतं ते जेवणानंतरच. क्यूबसाठी कोपऱ्यात वेगळा तगडा माल कालवायची पद्धत कशी असते ते तुला एव्हाना कळलंच असेल.

आणि एक, चुकीचं दिसलं तरी मुकादमाला त्याच्या माणसांसमोर बोलू नकोस. बाजूला घे. त्यानं तुझा पाणउतारा सगळ्यांसमोर केला कारण तूही त्याला सगळ्यांसमोरच थांबवलंस, तो पन्नाशीचा असेल, त्याच्या हाताखाली त्याचा पुतण्या, मेव्हणा, गावचीच माणसं असतात, त्यांच्यापुढं तो खाली बघेल कसा. हे मी त्याची कड घेऊन म्हणत नाही. पण तू कॅप्टन होतास ना, मग चालू मॅचमध्ये तू तुझ्या सेंटरला सगळ्या प्रेक्षकांसमोर झापायचास का?

बास, खेळाशी तुलना एवढीच. खेळातून टीमवर्क शिकलास, लीडरशिप शिकलास, आता ते साइटवर वापर, असलं भाषण मी देणार नाही, ते गॅदरिंगचे पाहुणे देतात. साइटवर टीम नसते, साइटवर प्रत्येकाचा वेगवेगळा हिशेब असतो आणि ते सगळे हिशेब संध्याकाळपर्यंत एका स्लॅबवर आणून बसवायचे असतात.

मला तुझ्या पत्रातून जे दिसतं ते वेगळंच आहे. तुला वाटतंय तुझा खेळ सुटला म्हणून त्रास होतोय. असेल थोडा. पण कॉलेजची चार वर्षं तू रोज संध्याकाळी २८ बाय १५ मीटरच्या अशा एका जागेत जात होतास जिथं तुला येत होतं, बॉल न बघता ड्रिबल, कोण कुठं कट मारणार ते आधीच ठाऊक, दहा फुटांवरच्या रिंगचा अंदाज अंगात मुरलेला. दिवसभर कॉलेजात काहीही होऊ दे, व्हायव्हात दांडी उडू दे, संध्याकाळी ‘आपल्याला येतंय’ याची खात्री व्हायची. आता वर्षभर तू सकाळपासून रात्रीपर्यंत अशा जागी उभा आहेस जिथं तुला अजून येत नाही, आणि ते बघायला पंचवीस माणसं. एवढ्या वर्षांत तू नवखा कधी झालाच नव्हतास. त्यात संध्याकाळचं ते औषधही स्वतःच बंद केलंस, वर रस्ता पण बदललास. मग मुकादमाचं एक वाक्य महिनाभर टोचत राहणारच.

म्हणून मला नाही वाटत की नोकरी बदलून हे जाईल. पुण्याला गेलास तरी पहिलं वर्ष नवखाच असशील.

आणि हा फक्त तुझा प्रश्न नाही रे. अमेरिकेत कॉलेज बास्केटबॉल म्हणजे केवढं प्रस्थ, मार्च महिन्यात ६८ कॉलेजांची स्पर्धा होते, अख्खा देश टीव्हीसमोर, आणि एनबीएच्या, म्हणजे तिथल्या व्यावसायिक लीगच्या, ड्राफ्टमध्ये (नव्या खेळाडूंच्या निवडीत) वर्षाला दोन राउंड मिळून साठ-एक पोरं घेतली जातात, तीही जगभरातली. बाकीची हजारो मुलं दुसऱ्या दिवशी कुठंतरी नोकरीला लागतात, त्यात आपल्यासारखे सिव्हिलवालेही असतात. आपल्याकडून पंजाबचा सतनाम सिंग २०१५ मध्ये डॅलसनं घेतला, ५२ वा नंबर, ड्राफ्टमध्ये घेतला गेलेला तो पहिला भारतीय. आपण इंजिनिअर होऊन खेळाडू झालेल्यांची नावं पाठ करतो, कुंबळे मेकॅनिकल, श्रीनाथ इन्स्ट्रुमेंटेशन, अश्विन आयटी. उलट्या दिशेनं गेलेल्यांची यादी कोण करणार, ती फार मोठी आहे आणि त्यातले बरेच आत्ता कुठंतरी बिलं तपासत बसलेत.

तर मग ‘येतंय’ हे परत कसं यायचं? पोरांना हे सांगितलं की कंटाळा येतो, पण तुला येऊ नये, तू प्रॅक्टिस संपल्यावर एकटा थांबून फ्री थ्रो मारणाऱ्यातला असणार, पॉइंट गार्ड तसेच असतात. रोज एक गोष्ट घे आणि घासत बस. सळईचं वजन तोंडी आलं पाहिजे, व्यासाचा वर्ग भागिले १६२, म्हणजे ८ एमएमचं मीटरला ०.३९५ किलो, १० चं ०.६१७, १२ चं ०.८८८, १६ चं १.५८. गाडी उतरवून घेताना फिटरनं किलो सांगायच्या आधी तू सांगितलंस की तो दुसऱ्यांदा तुझ्याकडं वेगळ्या नजरेनं बघतो, करून बघ. बार बेंडिंग शेड्यूल एक्सेलमध्ये तयार असतंच, तरी एका बीमचं हातानं कर, रिंगा मोज, लॅप (सळईला सळईचा जोड) कुठं येतोय बघ, मग साइटवर जाऊन तोच बीम शोध. कव्हर ब्लॉक (सळई पत्र्यापासून उचलून धरणारा ठोकळा) खिशात ठेव, स्लॅबला किती, बीमला किती, कॉलमला ४० आणि फुटिंगला ५० मिलिमीटर, आणि सेंट्रिंगवरून चालताना कुठं सळई पत्र्याला टेकलीय ते हुडकत जा. ऑटो लेव्हल दुसऱ्याला लावू देऊ नकोस, स्वतः लाव. मेजरमेंट बुक लिहायला माग, कोणी देत नसेल तर जुनी काढून वाच. आरए बिल, म्हणजे चालू कामाचं बिल, कसं तयार होतं ते कळलं की मालक काय बोलतायत आणि का बोलतायत ते निम्मं आपोआप कळतं.

आणि सांगलीत काम मिळालंय याला कमी समजू नकोस. मित्र पुण्यात उंच टॉवरवर असतील म्हणून तू खाली आहेस असं काही नाही. इथली काळी माती पावसात फुगते, उन्हाळ्यात हात जाईल एवढी भेगाळते, तिच्यावर उथळ पाया घेतला की दोन-चार वर्षांत कंपाउंडची भिंत कलते आणि खिडकीच्या कोपऱ्यातून तिरक्या चिरा निघतात. खाली मुरूम किती फुटांवर लागतो, काळी माती काढून काय भरायचं, पाणी पायापासून लांब कसं न्यायचं, हे ज्याला हातानं कळलं त्याला कुठंही मरण नाही. वर पुराचं. ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी ५७ फुटांवर गेलं, ४० ला इशारा आणि ४५ ला धोका असताना. तू तेव्हा शाळेत असशील, पण त्या आठवड्यात कुठली घरं बुडाली, कोणाचा जोता वाचला, पाणी उतरल्यावर कुठल्या भिंती ढासळल्या, हे या गावात कोणालाही विचार, तासभर सांगतील. निळी पूररेषा म्हणजे २५ वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, लाल म्हणजे १०० वर्षांतून एकदा येणाऱ्या पुराची, हे पाठ करून परीक्षा देता येते, पण इथं त्या रेषेवर राहणारी माणसं तुला रोज भेटतात.

टाळ्यांचं मात्र खोटं सांगत नाही. या धंद्यात टाळी नाही. कोर्टावर बास्केट पडला की त्याच सेकंदाला ओरडा होतो, इथं सगळं नीट झालं तर काहीच होत नाही. आयर्विन पूल १९२९ चा, पूर आला की अख्खं गाव त्याचंच नाव घेतं, रात्री दोनलासुद्धा ‘पुलावर किती फूट’ म्हणून फोन करतं, पण तो बांधणाऱ्या इंजिनिअरचं नाव एकालाही विचारून बघ. हे तुला जमेल की नाही ते तुझं तुलाच बघायला लागेल. काहींना नाही जमत, त्यात लाज नाही, ते पुढं कोचिंगला जातात, मार्केटिंगला जातात, चांगलं कमावतात. पण ते ठरवायला एक वर्ष कमी पडतं. निदान एक इमारत फुटिंगपासून गच्चीच्या वॉटरप्रूफिंगपर्यंत बघ आणि मग ठरव.

आता स्पोर्ट्स कोटा. महाराष्ट्रात सरकारी नोकरीत खेळाडूंना ५ टक्के आरक्षण आहे हे बरोबर, पण तिथं नुसतं खेळलोय याला किंमत फार कमी, कुठल्या स्पर्धेत कुठलं पदक यावर सगळं ठरतं, स्पर्धा मान्यताप्राप्त लागते, आणि प्रमाणपत्र क्रीडा खात्याच्या विभागीय उपसंचालकांकडून पडताळून घ्यावं लागतं, आपल्यासाठी ते कोल्हापूर. तू स्वतः लिहिलंयस की झोन खेळलास, मेडल नाही. मग त्या भरवशावर हातातली नोकरी सोडणं म्हणजे बाजारात तुरी. एक दिवस सुट्टी टाक, सगळी प्रमाणपत्रं फाइलला लावून कोल्हापूरला जा, समोर बसून विचार की यातलं काय चालतं आणि काय नाही, जे सांगतील ते लिहून घे, विषय तिथं संपव. मनात अर्धवट ठेवलं की ते रोज सकाळी साडेसातला ‘आज जाऊच नये’ असं म्हणायला उपयोगी पडतं, एवढाच त्याचा उपयोग. ज्युनिअर इंजिनिअरची परीक्षा मात्र दे, ती नोकरी करत करत देता येते आणि साइटवर वर्ष काढलेल्याला काही प्रश्न न वाचताच सुटतात. खेळातच राहायचं असेल तर पतियाळाच्या राष्ट्रीय क्रीडा संस्थेचा सहा आठवड्यांचा सर्टिफिकेट कोर्स असतो, रेफ्रीच्या परीक्षा असतात. संध्याकाळी पोरांना शिकवणारा इंजिनिअर होता येतं, त्यासाठी राजीनामा लागत नाही.

वडिलांचं मनावर घेऊ नकोस. ज्या माणसानं एसटीची गाडी घाटातून रात्री-बेरात्री चालवून तुझी इंजिनिअरिंगची फी भरली त्याला बॉलचा राग नाही, त्याला भीती आहे. पगारातले काही पैसे दर महिन्याला त्यांच्या हातात देत जा, खात्यावर नको, हातात. बॉलचा विषय मग तेवढा निघत नाही असा अनुभव आहे. आणि एकदा त्यांना साइट दाखवायला ने. ड्रायव्हर लोकांना रस्ते, पूल, चढ-उतार यातलं आपल्यापेक्षा जास्त कळतं, कुठल्या वळणाला उतार चुकलाय हे ते सीटवर बसून सांगतात.

राहिला गुडघा, वजन आणि मॅच. साइटवर दिवसभर उभं राहणं म्हणजे व्यायाम नव्हे. तू दोन तास खेळणाऱ्याएवढं जेवतोस आणि खेळत नाहीस, नऊ किलोचं कोडं एवढंच आहे, त्यात साइटवरचे सहा चहा आणि चारचा वडा धर. जिना उतरताना दुखणं बऱ्याचदा गुडघ्याच्या वाटीपाशी असतं, मांडीचे स्नायू ढिले पडले की तसं होतं, पण हे मी अंदाजानं बोलतेय, तू दाखवून घे. मिरज तुला शेजारीच आहे की, पार बेळगाव-विजापूरकडची माणसं मिरजेला डॉक्टरकडं येतात आणि तू सांगलीत बसून ग्रुपवर औषध विचारणार. ऑर्थोपेडिकला दाखव, फिजिओ जे व्यायाम देईल ते रोज कर. गुडघा अडकत असेल, सूज येत असेल किंवा अचानक सटकल्यासारखा होत असेल तर मॅच यंदा विसर, फक्त बघायला जा.

तसं काही नसेल तर रविवारी सकाळी कोर्टावर जायला लाग, आजपासूनचा येणारा रविवार. पहिले दोन-तीन रविवार नुसतं शूटिंग, फ्री थ्रो लाइनवरून, उडी नाही. मग हळूहळू हाफ कोर्ट. ज्युनिअर पोरं तुला मागं टाकतील, टाकू देत, ती एकोणीस वर्षांची आहेत आणि सकाळी साडेआठला त्यांना कुठल्या साइटवर जायचं नाहीये. ‘दादा पोट आलं की’ असं कोणीतरी म्हणणारच, तयारीनं जा. मॅचच्या दिवशी चाळीस मिनिटं खेळायचा हट्ट करू नकोस, बदली कितीही वेळा करता येते, एका क्वार्टरला चार-पाच मिनिटं खेळ आणि बाहेर ये. कॅप्टनकी दुसऱ्याला करू दे. ग्रुपवर रिप्लाय आजच टाक, लांबलचक काही लिहू नकोस, ‘येतोय’ एवढं पुरे.

आणि बूट बघून घे. बरेच दिवस माळ्यावर पडलेल्या बुटांचा गोंद सुकतो, दिसायला नवे दिसतात आणि पहिल्याच कटला सोल सुटून येतं, त्यात घोटा गेला तर पुढचा स्लॅब तुला काठी घेऊन बघावा लागेल. आधी घरातल्या घरात वाकवून, ओढून बघ, शंका आली तर नवे घे, पहिल्या पगाराचं स्वतःसाठी काही घेतलं नसशीलच.

— ताई